भट्टीवर न गेलेला मुलगा

१

गुरुवारी सकाळी सव्वादहाला विलासराव कोंडविलकरांनी लाल रुमालाची गाठ सोडली, आत पाहिलं, आणि ते होते तिथेच फरशीवर बसले.

रुमाल म्हणजे सरकारी दप्तर बांधायचं लाल कापड. आदिवासींच्या जातीचे दाखले पडताळून पाहणाऱ्या समितीचं कार्यालय सानपाड्यात एका भाड्याच्या इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर होतं, आणि तिथलं सगळं जुनं दप्तर विलासरावांच्या ताब्यात असे. दर गुरुवारी ते एकेक रुमाल सोडून आतलं वेखंड बदलत. कसर लागू नये म्हणून ऑफिसातून डांबरगोळ्या मिळत, पण त्यांचा भरवसा वेखंडावर. त्यांच्या खोलीत शिरलं की तो उग्र वास कपड्यांना लागे आणि घरी जाईपर्यंत सुटत नसे.

"तांबे मॅडमना हाक मारा," ते शिपायाला म्हणाले. "आणि पळत जा."

संघमित्रा तांबे ही समितीच्या दक्षता पथकातली संशोधन अधिकारी. ती आली तेव्हा विलासराव अजून खालीच होते. रुमालात वाघेरी तालुक्यातल्या कोंढवळ गावच्या शाळेचं, १९४६ ते १९५३ या सालांचं, मुलांना दाखल केल्याचं आणि नावं कमी केल्याचं रजिस्टर असायला हवं होतं. त्याजागी तेवढंच लांबरुंद दुसरं रजिस्टर होतं. त्याचं कव्हर निघालेलं होतं, पुठ्ठा उघडा पडला होता. संघमित्राने पहिलं पान उलटलं. 'आवक नोंदवही, सन २०११.' म्हणजे याच ऑफिसात येणाऱ्या टपालाची जुनी वही.

"गाठ कशी होती, विलासराव?"

"माजीच होती मॅडम. काल पावणेपाचला मी मारलेली. तशीच्या तशी." त्यांनी कोरड्या ओठांवरून जीभ फिरवली, पिशवीतून बाटली काढून दोन घोट घेतले. "कूलर मंगळवारपासून बंद हाय. घरनंच पाणी आणतो."

गोष्ट साध्या चोरीची नव्हती. वाघेरी विधानसभा मतदारसंघ आदिवासींसाठी राखीव. सहा महिन्यांपूर्वी तिथून निशांत वाघ अठराशे बारा मतांनी निवडून आले. दुसऱ्या क्रमांकावर होत्या जयमाला हिलम, कातकरी समाजाच्या, वीटभट्टी मजुरांची संघटना चालवणाऱ्या. निशांत वाघ कातकरी नाहीतच, त्यांचा दाखला खोटा आहे, अशी तक्रार जयमालाबाईंनी समितीकडे केली होती. शुक्रवारी सकाळी अकराला शेवटची सुनावणी होती.

आणि निशांत वाघांचा सगळा डोलारा एका ओळीवर उभा होता. ती ओळ या रजिस्टरात होती. आमदारांचे आजोबा काशिनाथ धर्मा वाघ, जात काथोडी, म्हणजेच कातकरी. शाळेत दाखल १९४८ साली. त्या ओळीची तपासणी संघमित्रानेच मार्चमध्ये कोंढवळला जाऊन केली होती. 'मूळ नोंद आढळली, संशयास्पद काही नाही,' असा अहवाल तिच्या सहीने फायलीत होता.

सदस्य सचिव चारुलता देवस्थळी यांनी सगळं उभ्यानेच ऐकून घेतलं.

"काल ते रजिस्टर पाहायला कोण आलं होतं?"

"जयमाला हिलम," विलासराव खालच्या आवाजात म्हणाले.

"मग झालं तर. ज्या ओळीमुळे त्या हरणार, तीच ओळ त्यांनी पळवली." चारुलताबाईंनी घड्याळाकडे पाहिलं. "संघमित्रा, उद्या अकरापर्यंत तुला वेळ आहे. नाही मिळालं तर आपण प्रमाणित उताऱ्यावर निर्णय देऊ आणि त्या बाईंवर पोलिसात तक्रार जाईल. माझा नाइलाज आहे."

२

चोरी करणाऱ्याला काय मिळालं, हे आधी बघावं, ही संघमित्राची सवय. इथे उत्तर इतकं सरळ होतं की तिला ते आवडेना.

आमदारांचे वकील आशुतोष राजोपाध्ये आदल्या दिवशीच्या पाहणीला हजर होते. ते फोन करताच अर्ध्या तासात आले. गोड बोलणारा, इस्त्रीची घडी न मोडणारा माणूस.

"मॅडम, ते रजिस्टर आमचा प्राण आहे. आम्ही ते कशाला गायब करू?" ते म्हणाले. "काल मी चार वाजून दहा मिनिटांपर्यंत त्या खोलीत होतो. मग अशिलाचा फोन आला म्हणून बाहेर पडलो. त्यानंतर पाचपर्यंत देवस्थळी मॅडमच्या केबिनमध्ये चहा घेत होतो. विचारा त्यांना."

चारुलताबाईंनी मान डोलावली. ते खरं होतं.

"तुम्ही खोलीत असताना जयमालाबाई काही बोलल्या?"

"एक अक्षरही नाही. नुसत्या पानावरून बोट फिरवत होत्या. पहिल्यांदाच वाचत असल्यासारख्या." वकील जरासे हसले, मग संघमित्राचा चेहरा बघून हसू आवरलं. "असो. प्रमाणित उतारा आमच्याकडे आहे, तुमच्या फायलीतही आहे. न्यायाला कुठे अडचण नाही."

ते गेल्यावर संघमित्राने फायलीतला उतारा काढला. उतारा म्हणजे हव्या असलेल्या नोंदीची नक्कल, पूर्ण पानाची नाही. अनुक्रमांक २३. वाघ काशिनाथ धर्मा. काथोडी. जन्मतारीख १ जून १९४१. दाखल दिनांक १३ डिसेंबर १९४८. जन्मतारखेत वावगं काही नव्हतं. त्या काळी ज्याची तारीख ठाऊक नाही त्याला मास्तर एक जून देऊन टाकत. शाई जुन्या धाटणीची, अक्षर मास्तरांसारखंच. मार्चमध्ये तिने भिंग लावून पाहिलं होतं.

मग ती विलासरावांकडे वळली. तीस वर्षं दप्तर सांभाळलेला हा माणूस एका सकाळीत वाळून गेल्यासारखा दिसत होता. किल्ली त्यांच्याकडे, गाठ त्यांची. बोट दाखवायला दुसऱ्या कोणाची गरजच नव्हती, आणि ते त्यांनाही कळत होतं.

"काल पाहणी झाल्यावर रजिस्टर तुमच्याकडे कोणी आणलं?"

"अभयने. कापडात गुंडाळूनच आणलं. मी वरनं फक्त गाठ मारली, चिठ्ठी खोचली, रॅकवर ठेवलं. आत बघितलं नाही मॅडम. एवढी वर्षं झाली, कापड हाताला लागलं की मी आत बघत नाही. माजी चूक झाली."

"पाहणीच्या वेळी तुम्ही कुठे होतात?"

"माज्या खोलीत. मधे भिंत हाय. ऐकू येत नाही."

संघमित्राने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. बंद गाठीच्या आत चोरी झाली असेल तर एकतर गाठ मारणाऱ्याने केली, किंवा गाठ बसायच्या आधीच झाली.

३

पाहणीची खोली अरुंद होती. एक टेबल, तीन खुर्च्या, आणि भिंतीला लागून लोखंडी रॅक. रॅकवर आवक नोंदवह्यांची ओळ उभी होती. सगळ्यांना खाकी कव्हरं, कण्यावर सुरेख वळणदार अक्षरात साल लिहिलेली चिठ्ठी. ओळ इतकी गच्च होती की एखादी वही काढायला दोन बोटं घालून ओढावी लागावी.

"ही अक्षरं तुझीच ना रे?" तिने विचारलं.

"हो मॅडम." अभय सोनटक्के दारात उभा होता. सत्तावीस वर्षांचा, चार महिन्यांपूर्वी कंत्राटावर आलेला कारकून. ऑफिसात कोणाच्या निरोपसमारंभाचं कार्ड असो की दारावरची पाटी, लिहायचं काम त्याच्याकडे येई. "आल्या आल्या पहिलं हेच केलं. सगळी जुनी फाटकी कव्हरं होती."

"आधी कुठे होतास?"

"वाघेरी तालुक्याला, शिक्षण विभागात. तेही कंत्राटच. तिथल्या शाळांची जुनी दप्तरं लावायचं काम होतं." तो जरा थांबला. "आता सप्टेंबरात इथलं कायम व्हायचं चाललंय. या सगळ्यात माझं नाव नको यायला, मॅडम. घरी आईला मीच एकटा आहे."

संघमित्राला तो खोटं बोलतोय असं वाटलं नाही. घरची काळजी तर अगदी खरी दिसत होती.

"काल काय झालं ते सांग."

"वकीलसाहेब फोनसाठी गेले. मग मी आणि त्या बाई दोघंच. त्या पानं चाळत होत्या. मधे मी दोन मिनिटं कूलरवर पाणी प्यायला गेलो, तेवढीच माझी चूक. परत आलो तर त्यांनी रजिस्टर कापडात गुंडाळून ठेवलेलं. म्हणाल्या, झालं माझं. सही केली आणि साडेचारला गेल्या. मी ते उचलून विलासकाकांना दिलं."

"त्या काही बोलल्या नाहीत? एखादी शंका वगैरे?"

"नाही मॅडम. गप्पच होत्या."

वॉचमननेही जयमालाबाई साडेचारलाच गेल्याचं सांगितलं. मागे एकदा एका फायलीतले कागद गेले होते, तेव्हापासून तो लिफ्टपाशी प्रत्येकाची पिशवी उघडून बघे, मग तो पाहुणा असो की साहेब.

"त्या बाईंच्या पिशवीत काय होतं?"

"डबा, साडी आणि मतदार यादी," वॉचमन म्हणाला. "पदराखाली बिदराखाली मी नाय बघू शकत मॅडम. पण एवढं हातभर रजिस्टर लपवून बाई सरळ कशी चालणार?"

हा प्रश्न ऑफिसात इतर कोणाला पडला नव्हता. संघमित्राला मात्र आता त्याच्याइतकाच दुसरा प्रश्न छळू लागला. रजिस्टर जर कोणाच्याच पिशवीतून बाहेर गेलं नसेल, तर ते गेलं कुठे?

४

जयमाला हिलम कोपरखैरण्याला मावसबहिणीकडे उतरल्या होत्या. संघमित्रा राहायलाही तिथेच, त्यामुळे पत्ता सापडायला वेळ लागला नाही. एका इमारतीच्या बांधकामावर मजुरांसाठी उभ्या केलेल्या पत्र्याच्या खोल्यांपैकी एक. दाराशी जयमालाबाई तांदूळ निवडत बसल्या होत्या. अडतिशीची, सडसडीत बाई. निवडणुकीच्या पोस्टरवर होती तीच साडी अंगावर.

चोरीचं ऐकल्यावर त्यांचे हात थांबले.

"माज्यावर आला का? बराबर हाय, माज्यावरच येनार." त्यांनी सूप बाजूला ठेवलं. "मॅडम, त्या कोंढवळच्या शालेतनं ते बुक इथं आना, म्हनून मी तीन येला अर्ज केला. तीन येला. तुमीच वाचला आसंल. मी कशाला चोरू? मला तर ते सगल्यांनी बघायला पायजे होतं."

"पण त्यात वाघांच्या आजोबांचं नाव आहे. तुमच्या विरुद्ध जातं ते."

"नाव हाय ना. पन ते कंच्या महिन्यात हाय, ते बघितला का तुमी?"

संघमित्राने मान हलवली.

"दिवाली झाली की आमची मानसं भट्टीवर," जयमालाबाई सांगू लागल्या. "माज्या आज्याच्या येलंला रानात कोलशाच्या भट्ट्या. माज्या येलंला विटांच्या. पोरं, कोंबड्या, मडकी, सगला घेऊन. वाडी खाली. पानी पडायच्या आधी परत. मास्तर काय करनार? दिवालीनंतर नाव कमी करायचा, पावसाल्यात परत घालायचा. माजं स्वताचं नाव शालेत चार येला घातलंय. आश्रमशाला झाली तवा कुठं आमी एका जागी बसलो."

"आणि त्या पानावर?"

"त्या पानावर नऊ काथोडी पोरं. म्होरं शेऱ्यात मास्तरानं लिवलंय, 'भट्टीवर गेला, नाव कमी.' नऊच्या नऊ, सगली कार्तिकात गेली. आनि हा येकच काशिनाथ, सगल्यात खाली, डिशेंबरात शालेत येतोय. वाडीत कुत्रा न्हाई तवा ह्यो पोरगा कंच्या घरातनं आला, मॅडम? त्याला भाकर कोनी दिली?"

मार्चमध्ये संघमित्राने तेच पान पाहिलं होतं. शाई पाहिली, कागद पाहिला, अक्षराचं वळण पाहिलं. पानावरच्या नऊ पोरांकडे तिने पाहिलंच नव्हतं. तिला लाज वाटत होती, आणि ती लपवण्यात अर्थ नव्हता.

"माझा अहवाल चुकला, जयमालाताई," ती म्हणाली.

"तुमी भट्टीवर गेला नसाल ना कंदी. तुमाला कसं दिसंल?" बाईंच्या बोलण्यात राग नव्हता, म्हणून ते जास्त लागलं.

"हे तुम्ही काल तिथे कोणाला बोललात?"

"वकील भायेर गेल्यावर ते पान उघाडला. मंग त्या लिवनाऱ्या पोराला इचारला, ह्यो पोरगा भट्टीवर कसा न्हाई गेला? तो गोरामोरा झाला. बोलला, मला काय म्हाईत. मी बोलली, शुक्रवारी आख्खं पान सायबांम्होरं ठेवीन, त्यांना इचारीन."

"तो मधे पाणी प्यायला बाहेर गेला होता?"

"जागचा उठला न्हाई. उलट मीच पानी मागितला, तर बोलला, कूलर बंद हाय."

५

त्या संध्याकाळी संघमित्रा घरी जाऊन नुसती बसून राहिली. समोर भिंतीवर वडिलांचा फोटो होता. माणगावकडच्या एका वाडीतून तहसील कचेरीत नऊ हेलपाटे घालून त्यांनी मुलीचा जातीचा दाखला मिळवला होता. तो मिळाला त्या दिवशी त्यांनी घरात गोड केलं होतं. त्या कागदावर ती शिकली, नोकरीला लागली, आणि शेवटी दुसऱ्यांचे असेच कागद तपासायच्या खुर्चीवर बसली. खरा दाखला घ्यायला नऊ हेलपाटे लागतात आणि खोटा एका ओळीत होतो, आणि त्या ओळीखाली आपली सही आहे, हे तिला सहन होईना. तरी तिने स्वतःला आवरलं आणि एकेक गोष्ट जुळवायला घेतली.

मास्तर दर साली नवं पान उघडत आणि अनुक्रमांक पुन्हा एकपासून घालत. त्यामुळे सालाच्या पानाखाली कोऱ्या ओळी उरत. नवं नाव घुसडायला जागा होती ती तेवढीच, शेवटची. पण शेवटच्या ओळीवर तारीखही शेवटची हवी. तिच्या वरची खरी नोंद आठ नोव्हेंबरची, एवढं तिला मार्चमधल्या तपासणीतून आठवत होतं. म्हणून घुसडणाऱ्याला डिसेंबर घालावा लागला. त्याने जुनी शाई मिळवली, अक्षर गिरवलं, एक जूनही लक्षात ठेवला. फक्त डिसेंबरात कातकऱ्यांची वाडी ओस असते, हे त्याच्या गावी नव्हतं. तिच्याही नव्हतं.

मग रजिस्टर नाहीसं करून कोणाचं भलं होणार होतं? उताऱ्यात एकच ओळ असते. उताऱ्यात ती नऊ पोरं नसतात. रजिस्टर गेलं की काशिनाथ एकटा उरतो, आणि एकट्याला कोणी काही विचारत नाही.

विलासराव? त्यांनी चोरी केली असती तर वेखंड बदलायचा बहाणा करून सुनावणीच्या आदल्या दिवशी स्वतःच ती उघडकीला आणली नसती. शुक्रवारी सगळ्यांसमोर रुमाल सुटेपर्यंत गप्प राहिले असते. म्हणजे ते खरं बोलतायत. म्हणजे त्यांनी गाठ मारली तेव्हा आत आधीच दुसरी वही होती.

जयमालाबाई साडेचारला गेल्या, गाठ पावणेपाचला पडली. मधली पंधरा मिनिटं. वकील चहा पीत होते.

आणि कूलर मंगळवारपासून बंद होता.

इतकं सगळं नीट बसलं, पण हातात रजिस्टर नव्हतं. त्याशिवाय हा नुसता तर्क. वकिलाने दोन वाक्यांत उडवून लावला असता. ते लिफ्टमधून खाली गेलेलं नाही, म्हणजे तिसऱ्या मजल्यावरच आहे. गुरुवारी दिवसभर कपाटं, टेबलांचे खण, अगदी संडासावरचा माळाही पाहून झाला होता.

रुमालात सापडलेल्या वहीचं कव्हर का काढलं असेल?

संघमित्रा खुर्चीवरून उठली. पाहणीच्या खोलीतली खाकी ओळ तिच्या डोळ्यांसमोर आली. दोन बोटं घालून ओढावी लागेल इतकी गच्च.

६

शुक्रवारी साडेदहाला तिने चारुलताबाई, विलासराव आणि अभय या तिघांना पाहणीच्या खोलीत बोलावलं. टेबलावर ती उघड्या पुठ्ठ्याची वही ठेवलेली होती.

"अभय," ती शांतपणे म्हणाली, "रॅकवरून मला आवक नोंदवही काढून दे. सन २०११."

अभय हलला नाही.

"अरे, २०११ची वही तर ही तुझ्यासमोर आहे," चारुलताबाई टेबलाकडे बोट दाखवत म्हणाल्या.

"तेच म्हणते मॅडम. या रॅकवरून एक वही निघून रुमालात गेली. मग इथे खिंडार पडायला हवं होतं. काल मी स्वतः ही ओळ पाहिली, एक बोटही आत जात नव्हतं. २०११ इथे टेबलावर असेल, तर ओळीत २०१० आणि २०१२च्या मधे कोण उभं आहे?"

विलासराव काही न विचारता रॅकपाशी गेले. त्यांना चिठ्ठ्या वाचायची गरज पडली नाही. ते वाकले, कण्यांवरून नाक फिरवत गेले आणि एका ठिकाणी थांबले.

"वेखंड," ते म्हणाले. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

त्यांनी दोन बोटं घालून ती वही ओढली. खाकी कव्हर, वळणदार अक्षरात '२०११'. कव्हर उलगडलं तेव्हा आत कोंढवळच्या शाळेचा काळपट पुठ्ठा होता.

"कूलर बंद आहे, हे तूच जयमालाबाईंना सांगितलंस," संघमित्रा अभयला म्हणाली. "आणि मला सांगितलंस की कूलरवर पाणी प्यायला गेलो. त्या गप्प होत्या म्हणालास, पण त्यांनी तुला एक प्रश्न विचारला होता. तुझ्याशिवाय तो कोणी ऐकलाच नाही. पूर्ण पान समितीसमोर येऊ नये, अशी घाई दुसऱ्या कोणाला असणार?"

अभयने भिंतीला पाठ टेकली.

"ती ओळ मीच लिहिली," तो शेवटी म्हणाला. "वाघेरीला असताना. दप्तर माझ्याच ताब्यात होतं. वाघसाहेबांचे लोक म्हणाले, एक ओळ लिही, कायमच्या नोकरीचं आम्ही बघतो. मग इथे आणून बसवलं. मला वाटलं, एक ओळ आहे, त्यात कोणाचं काय जातंय?" तो रडायला लागला. "त्या बाई गेल्यावर पाच मिनिटांत केलं सगळं. शनिवारी गडबड निवळली की घेऊन जाणार होतो."

संघमित्राने रजिस्टरातलं ते पान उघडलं आणि त्याच्यासमोर धरलं.

"हे वाच. त्यात कोणाचं काय गेलं, ते इथे लिहिलंय. ही जागा या नऊ पोरांच्या नातवंडांसाठी राखून ठेवलेली आहे."

तिला त्याची दया येत होती आणि संतापही येत होता. दोन्ही एकदम. त्याच्या आईचा विचार मनात आला, तो तिने बाजूला केला.

अकराला सुनावणी सुरू झाली. रजिस्टर समितीसमोर होतं, पूर्ण पान उघडून. वकील राजोपाध्ये उभे राहिले आणि म्हणाले की दक्षता पथकाचा मार्चचा अहवाल आपल्या अशिलाच्या बाजूने आहे, त्याचं काय? संघमित्रा उठली.

"तो अहवाल माझा आहे, आणि तो चुकीचा आहे," ती म्हणाली. "मी ओळ तपासली, पान वाचलं नाही. माझी चूक लेखी देते आहे. तिच्यासाठी जी कारवाई होईल ती मला मान्य आहे." आणि सही केलेला कागद तिने अध्यक्षांसमोर ठेवला.

मागच्या बाकावर बसलेल्या जयमालाबाई तिच्याकडे बघत राहिल्या.

७

शाईची तपासणी झाली, दाखला रद्द झाला. अभय नोकरीतून गेला आणि खटल्यात अडकला. निशांत वाघ वरच्या कोर्टात गेले, तिथेही हरले. संघमित्राची बढती दोन वर्षं मागे पडली. तिने त्यावर अपील केलं नाही. आठ महिन्यांनी वाघेरीची जागा रिकामी झाली आणि पोटनिवडणूक लागली.

रजिस्टर कोंढवळला परत पाठवायच्या दिवशी जयमालाबाई सानपाड्याला आल्या. विलासरावांनी रुमाल सोडला आणि कधी नव्हे ती स्वतःची खुर्ची त्यांना दिली.

"मला माजा आजा बघायचा हाय," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी काशिनाथाच्या नादात राहिला."

संघमित्रा त्यांच्या शेजारी बसली आणि दोघींनी मिळून शोधलं. १९४७च्या पानावर सापडला. हिलम चांगो बुध्या, काथोडी. शेरा: भट्टीवर गेला, नाव कमी. १९४८च्या पानावर पुन्हा तोच, जूनमध्ये दाखल, कार्तिकात कमी. ४९ला पुन्हा. ५०ला पुन्हा. ५१च्या पानावर मात्र तो नव्हता.

"चार येला," जयमालाबाई म्हणाल्या. "माज्यावानीच." त्यांनी त्या नावावर एकदा बोट फिरवलं आणि ते तिथेच ठेवून बसल्या. "मॅडम, इतक्यांदा नाव कमी केला, तरी दर पावसाल्यात त्याचा बा याला हात धरून आनायचा. मास्तराला बोलायचा, घाला परत."

"उद्या अर्ज भरायची शेवटची तारीख ना?" संघमित्राने विचारलं.

"आज रातीची यष्टी पकडतेय." त्यांनी पदराने डोळे पुसले, रजिस्टर मिटून विलासरावांच्या हातात दिलं आणि पिशवी उचलली. पिशवीत डबा होता, साडी होती, मतदार यादी होती. "मागल्या येलंला नाव कमी झाला आमचा. आता परत घालायला चाललेय."

विलासरावांनी रजिस्टरात ताजं वेखंड ठेवलं, कापड गुंडाळलं, मग पुन्हा उलगडून आत नीट पाहिलं, आणि मग गाठ मारली.